आठवीचा धडा

(मंडळाच्या वर्धापनदिनी सभासद भगिनीने केलेले भाषण)



आपल्या मंडळाचा असा रिवाज आहे की, जिने आजवर सभेत तोंड उघडले नाही अशा एका सभासद बाईने वर्धापनदिनी चार शब्द बोलावेत. यंदा चिठ्ठी माझ्या नावाची निघाली. विषय कोणता घेणार, असे चिटणीसबाईंनी फोनवर विचारले. मी म्हटले, "बुरशी." त्यांना ऐकू आले "बर्फी", आणि तसे त्यांनी वहीत लिहूनही टाकले. तेव्हा बर्फीची कृती मिळेल या आशेने कुणी कागद-पेन्सिल घेऊन आल्या असतील, तर त्यांनी मला आधीच क्षमा करावी.

माझे शिक्षण सातवीपर्यंत. माहेरच्या गावची शाळा सातवीलाच संपत असे. आठवीसाठी दोन कोस चालत जावे लागे, आणि मुलीच्या जातीला तेवढ्या लांब कोण पाठवणार? त्याचे मला फारसे दुःख झाले असेही नाही. पुढे लग्न झाले, निफाड तालुक्यात द्राक्षांच्या घरात आले, दोन मुले झाली. 2019 साली माझा धाकटा आठवीत गेला. एका संध्याकाळी मी ओट्यावर शेंगदाणे निवडत बसले होते. तो म्हणाला, "आई, तू नुसते पुस्तक धर, आणि मी चुकलो की सांग." विज्ञानाचा धडा होता. सजीवांचे वर्गीकरण. त्याचे पाठांतर अर्ध्या तासात झाले आणि तो खेळायला गेला. मी मात्र पुस्तक खाली ठेवले नाही. त्या रात्री भात करपला, हेही आता सांगून टाकते.

असे काय होते त्या धड्यात? तर आपल्या घरात, अंगावर आणि बागेत जे न बोलावता येऊन बसते, ते कुणाच्या कुळातले, हे त्यात सांगितले होते. ते न कळल्यामुळे माझ्या हातून दोन मोठ्या चुका झाल्या होत्या, आणि धडा वाचल्यावर त्या दोन्ही एकदम डोळ्यांपुढे उभ्या राहिल्या. त्या मी आज सांगणार आहे. पण आधी धडा.

पूर्वी शास्त्रज्ञ साऱ्या सजीवांचे दोनच भाग करीत, वनस्पती आणि प्राणी. स्वीडनचे लिनिअस यांनी 1735 साली तशीच मांडणी केली. चालते-फिरते ते प्राणी, एका जागी उगवते ते झाड. अळंबी उगवते, म्हणून बुरशी आणि अळंबी या झाडांच्या फळीवर गेल्या. पुढे सूक्ष्मदर्शकातून असे जीव दिसू लागले की, जे धड झाडही नव्हेत आणि धड प्राणीही नव्हेत. तेव्हा 1866 साली जर्मनीच्या हेकेल यांनी त्यांच्यासाठी तिसरी फळी केली आणि तिला प्रोटिस्टा म्हटले. त्यानंतर 1969 साली अमेरिकेच्या व्हिटाकर यांनी पाच सृष्टी केल्या. मोनेरा म्हणजे जिवाणू, प्रोटिस्टा, कवके म्हणजे बुरशी, वनस्पती आणि प्राणी. तीच ही आठवीची पाच नावे.

आता बुरशीला झाडांतून उठवून वेगळे का बसवले? कारण झाड आपले अन्न आपण शिजवते. त्याच्या पानात हिरवे द्रव्य असते, त्याला ऊन-पाणी मिळाले की त्याची चूल पेटते. बुरशीकडे हे हिरवे द्रव्य नाही. ती दुसऱ्याच्या घरी जेवते. तेही आपल्यासारखे नाही. आपण घास आधी पोटात घालतो आणि मग पचवतो. बुरशी आधी पचवते आणि मग पिते. भाकरीवर बसल्या बसल्या ती पाचक रस सोडते, भोवतालची भाकरी विरघळते आणि तो रस ती शोषून घेते. तिच्या पेशीभोवतीचे कवच कायटिन नावाच्या द्रव्याचे असते. हेच द्रव्य खेकड्याच्या आणि झुरळाच्या पाठीत असते. अलीकडच्या शास्त्रज्ञांनी तर असे दाखवले आहे की, बुरशीचे नाते झाडांपेक्षा प्राण्यांशी अधिक जवळचे आहे. म्हणजे भाकरीवरची बुरशी ही मेथीच्या जुडीपेक्षा आपलीच जवळची नातलग! हे ऐकून आमच्या सासूबाई म्हणाल्या, "सूनबाई, असली नाती काढू नकोस, उद्या मानपान मागतील."

आणि प्रोटिस्टा? प्रत्येकीच्या घरी एक डबा असतो. त्यात तुटलेले हूक, सुटी बटणे, एकेकटी राहिलेली कुडी, गंजलेली किल्ली असे सारे असते. ते एकमेकांचे कुणी नसतात, कुठल्याच डब्यात बसत नाहीत म्हणून तिथे असतात. प्रोटिस्टा हा तसा डबा आहे. आमांशाचा अमीबा त्यात, डबक्यातले कितीतरी हिरवे एकपेशी जीव त्यात, आणि हिवतापाचा जंतूही त्यातच. हा हिवतापाचा जंतू लॅव्हरान या फ्रेंच डॉक्टरांनी 1880 साली अल्जीरियात एका शिपायाच्या रक्तात पाहिला, आणि तो डासाच्या पोटात वाढतो हे रोनाल्ड रॉस यांनी 1897 साली आपल्या सिकंदराबादेत शोधले. आता शास्त्रज्ञ हा अडगळीचा डबा ओतून एकेक वस्तू तिच्या खऱ्या घराण्यात लावीत आहेत.

एवढे झाल्यावर तुम्ही म्हणाल, लावेनात का कुठेही! आपल्याला काय त्याचे? तेच आता सांगते.

पहिली चूक 2009 सालची. आमची दोन एकर बाग होती. ऑक्टोबरची छाटणी होऊन महिना झाला होता आणि घड बाहेर पडले होते. मामंजींची शस्त्रक्रिया होती म्हणून आमचे हे नाशिकला दवाखान्यात होते. नोव्हेंबरात फयान वादळ आले, आपल्याकडेही अवकाळी पाऊस झाला, आभाळ तसेच राहिले. दोन दिवसांनी मी बागेत गेले तर पानांवर पांढरे दिसले. आदल्या साली भुरी आली होती, तेव्हा यांनी गंधक धुरळले होते, हे मी पाहिले होते. गंधकाची गोणी घरात होतीच. सालदार म्हणाला, "वहिनी, मालकांना विचारून घेऊ." मला वाटले, तिकडे ते जिवाच्या काळजीत आहेत, इकडचा घोर कशाला द्यायचा? शिवाय खोटे कशाला बोलू, आपल्यालाही बागेतले कळते हे दाखवायची हौस होती. मी सारी बाग गंधकाने धुरळून घेतली.

ती भुरी नव्हती, केवडा होता. चार-पाच दिवसांत घड तपकिरी पडून वाळू लागले. हे परत आले तेव्हा बागेत बघण्यासारखे काही उरले नव्हते. त्या साली माझ्या पाटल्या मोडून सोसायटीचा हप्ता भरला. यांनी मला एका शब्दाने दुखवले नाही. "अगं, साऱ्या तालुक्याच्या बागा गेल्या, तुझी एकटीची का?" एवढेच म्हणाले. ते खरेही होते. तसल्या पावसात योग्य फवारणी करूनही कित्येकांचे घड गेले. पण मी जे धुरळले त्याचा उपयोग होणारच नव्हता, हे मला पुढे कळले आणि ते दहा वर्षे मनात सलत राहिले.

आता पुस्तकातली गंमत पाहा. भुरी ही खरी बुरशी आहे. केवड्यालाही सारा गाव बुरशीच म्हणतो, औषधाच्या दुकानातही तसेच म्हणतात, आणि शास्त्रज्ञही पुष्कळ वर्षे तसेच म्हणत होते. दिसायला दोन्ही पांढरे, दोन्ही पानावर. पण केवड्याच्या पेशीचे कवच कायटिनचे नाही, मुख्यतः सेल्युलोजचे आहे. त्याचे कूळ बुरशीचे नव्हे, समुद्रातल्या तपकिरी शेवाळाच्या नात्यातले आहे. म्हणजे तो अडगळीच्या डब्यातला, प्रोटिस्टांतला. बारीक रवा आणि मीठ दोन्ही पांढरे, म्हणून आपण एका डब्यात भरतो का? मी तेच केले होते. शिऱ्यात रव्याऐवजी मीठ घातले होते.

थोरली तेव्हा बारावीला होती, पुढे बी.एस्सी. झाली. तिने मला आणखी एक सांगितले. बुरशीच्या पेशीला अर्गोस्टेरॉल नावाचे एक स्निग्ध द्रव्य लागते. भुरीची पुष्कळ औषधे ते द्रव्य तयार होऊ देत नाहीत, म्हणून बुरशी मरते. केवडा ते द्रव्य स्वतः बनवीतच नाही. मग त्या औषधाने त्याचे काय बिघडणार? जी चूल पेटलेलीच नाही, ती विझवण्यासारखे ते.

केवड्यावरचा जुना उपाय मोरचूद-चुन्याचा. आपले शेतकरी त्याला बोर्डो म्हणतात, ते फ्रान्समधल्या बोर्दो गावावरून. हा रोग अमेरिकेतून तिकडे 1878 च्या सुमारास गेला आणि बागा उजाड झाल्या. तिथले शेतकरी रस्त्याकडेच्या वेलींवर मोरचूद आणि चुना शिंपडून ठेवीत, तो रोगासाठी नव्हे, तर निळे डाग पाहून येणाऱ्या-जाणाऱ्याने द्राक्षे चोरू नयेत म्हणून. मिलार्दे नावाच्या प्राध्यापकांच्या 1882 साली ध्यानात आले की, चोरांसाठी शिंपडलेल्या वेलींचीच पाने हिरवी आहेत. 1885 साली त्यांनी ते जगाला सांगितले. म्हणजे भुरट्या चोरांचेही द्राक्षबागांवर उपकार आहेत! याच केवड्याचा एक भाऊबंद बटाट्यावर पडतो. त्याने 1845 पासून आयर्लंडात असा दुष्काळ पाडला की, सुमारे दहा लाख माणसे मेली आणि जवळजवळ तितकीच देश सोडून गेली.

दोघांना ओळखायचे कसे, ते मैत्रिणींनो, लक्षात ठेवा. भुरी राखेसारखी पानाच्या वरही असते आणि बोटाने पुसली जाते. केवड्याचा पानावर वरून तेलकट पिवळा डाग दिसतो, आणि पान उलटले की खाली त्याच जागी पांढरा कापूस असतो. मी त्या दिवशी पान उलटून नीट पाहिले नाही. पान उलटायला काय कष्ट होते?

दुसरी चूक अंगावरच्या बुरशीची. हे बोलायला संकोच वाटतो, पण हा संकोचच आपला घात करतो, म्हणून बोलते. 2018 च्या पावसाळ्यात थोरलीच्या कमरेला, परकराची नाडी जिथे काचते तिथे, गोल लाल चट्टा उठला. कडेने पुरळ, मध्ये साफ. आपण नायटा म्हणतो, कुणी गजकर्ण म्हणतात. तिने लाजेने महिनाभर सांगितले नाही. कळल्यावर मीही कुणाला सांगितले नाही. दुकानातून एक मलम आणले. तीन दिवसांत खाज गेली. मला वाटले, काय गुणाचे मलम आहे! ते बंद केले की आठवड्यात चट्टा पुन्हा उठे, आधीपेक्षा मोठा. पुन्हा मलम, पुन्हा तेच. पंचा घरात एकच, साबण एकच. दिवाळीपर्यंत मला, धाकट्याला आणि जाऊबाईंच्या मुलीलाही झाले. थोरलीच्या कमरेचे कातडे कागदासारखे पातळ होऊन त्यावर कायमच्या रेघा उमटल्या.

शेवटी नाशिकला त्वचेच्या डॉक्टरीणबाईंकडे गेलो. त्यांनी मलमाची नळी पाहिली आणि म्हणाल्या, "ताई, यात स्टेरॉइड आहे. खाज थांबते, पण कातडीचा पहारेकरी झोपी जातो आणि बुरशी आत आरामात पसरते. तुम्ही दोन महिने तिला चारा घातलात." नायट्याची बुरशी आपल्या कातडीतले, केसांतले, नखांतले केराटिन खाऊन जगते. आपल्या देशात आता तिची अशी एक जात पसरली आहे की, तिच्यावर नेहमीच्या गोळ्या पुष्कळदा चालत नाहीत. त्या जातीला 2020 साली जे शास्त्रीय नाव मिळाले, त्यात आपल्या देशाचे नाव गुंफलेले आहे. असला मान आपल्याला नको होता.

आम्हां चौघांनाही दोन महिने औषध घ्यावे लागले. चट्टा दिसेनासा झाला तरी डॉक्टर सांगतील तोवर औषध सोडायचे नाही, पंचे वेगळे ठेवायचे, कपडे कडकडीत उन्हात वाळवायचे आणि घरातल्या साऱ्यांनी एकदम उपचार घ्यायचे, हे त्यांनी चारचारदा बजावले. नायट्याच्या औषधांतली काही आणि भुरीच्या औषधांतली काही एकाच घराण्यातली आहेत, कारण दोन्ही शत्रू बुरशीच. पण म्हणून बागेचे औषध कुणी अंगाला लावू नका. ते विष आहे.

या झाल्या दोन चुका. एका वेळी मात्र आठवीचा धडा कामी आला, तेही सांगते. 2021 च्या मे महिन्यात करोनाच्या दुसऱ्या लाटेत काळ्या बुरशीचे नाव आपण सर्वांनी ऐकले. करोनातून उठलेल्या, मधुमेह असलेल्या, स्टेरॉइड घ्यावे लागलेल्या किती माणसांचे डोळे गेले, जबडे काढावे लागले, प्राणही गेले. त्याच वेळी फोनवर निरोप फिरू लागला की, कांद्याच्या सालीवरचे काळे तीच ही काळी बुरशी. आपला सारा मुलूख कांद्याचा, लासलगावचा बाजार हाकेवर. जाऊबाई घाबरून चाळीतला कांदा उकिरड्यावर टाकायला निघाल्या. वर्षाचा घरखर्च त्यात होता.

मी म्हटले, "जाऊबाई, थांबा. नाव सारखे म्हणून कूळ सारखे नसते." मी पुन्हा पुस्तक काढले आणि थोरलीला विचारले. कांद्यावरची काळी बुरशी वेगळी, ती अस्परजिलस. माणसाला झालेली ती म्युकरच्या कुळातली. ती बुरशी मुळात काळी नसतेच. तिने रक्त तोडल्यावर माणसाचे मांस मरून काळे पडते, म्हणून तिला काळी म्हणू लागले. काळे पापुद्रे काढायचे, कांदा धुऊन घ्यायचा, सडका असेल तर टाकायचा, बस्स! चाळीतला कांदा वाचला. 2009 साली पाटल्या गेल्या होत्या, त्या परत आल्या नाहीत. पण त्या दिवशी मला काहीतरी परत मिळाल्यासारखे वाटले.

स्वयंपाकघरातले दोन शब्द सांगून आवरते. सारी बुरशी वाईट नाही. पाव फुगतो तो यीस्टने, ती एकपेशी बुरशीच. दही लावतो ते मात्र जिवाणूंचे काम. 1928 साली लंडनमध्ये फ्लेमिंग यांना एका बशीत आलेल्या बुरशीने पेनिसिलीन दाखवले, आणि 1954 साली आपल्या पिंपरीत सरकारने त्याचा कारखाना उभारला. उकिरड्याचे खत होते त्यातही बुरशीचा वाटा आहे, आणि बागेत मुळांशी आपण ट्रायकोडर्मा सोडतो तीही बुरशी, आपल्या बाजूने लढणारी.

पण शेंगदाणा आणि मका यांवरच्या हिरवट-पिवळ्या बुरशीला कधी माफ करू नका. तिच्यातले अफ्लाटॉक्सिन हे विष यकृतावर जाते. 1960 साली इंग्लंडात बुरसट शेंगदाण्याची पेंड खाऊन लाखभर टर्की पक्षी मेले. 1974 साली राजस्थान-गुजरातेत बुरसट मका खाऊन शंभरावर माणसे दगावली. हे विष भाजून जात नाही, तळून जात नाही, वरचे पुसूनही जात नाही. आपण काय करतो? चांगले दाणे पाहुण्यांना, आणि काळवंडलेले, कडवट दाणे घरच्या चटणीला! त्यातही ती चटणी बहुधा आपल्याच ताटात. मी चाळीस वर्षे माहेरी-सासरी हेच पाहिले आणि केले. टाकून द्यायला जीव होत नाही. पण टाका. भाकरीवर बुरशी दिसली तर वरचे खरवडून खाली उरलेली खाऊ नका. वर दिसते ते नुसते तिचे बी, तिचे धागे केव्हाच आत गेलेले असतात.

भगिनींनो, मी विदुषी नाही. दोन एकरांची बाग आणि मुलीच्या कमरेवरच्या रेघा, एवढी फी भरून हा धडा शिकले. जिथे माझी शाळा सुटली त्याच्या पुढच्याच पायरीवर तो होता. माझी एक विनंती आहे. आपल्या मंडळाच्या कपाटात भजनांची पुस्तके आहेत, पाककृतींची आहेत, भरतकामाची आहेत. त्यांत आठवी, नववी, दहावीची विज्ञानाची जुनी पुस्तकेही ठेवू या. मुले पुढे गेली की ती रद्दीत जातात. त्यांतला एकेक धडा महिन्यातून एकदा मिळून वाचू. माझ्या मुलाचे आठवीचे पुस्तक मी आज बरोबर आणले आहे. करपलेल्या भाताचा एक डाग त्यावर आहे, तो तेवढा चालवून घ्यावा.

 चिटणीसबाईंच्या वहीतला शब्द खोटा पडू नये म्हणून थोडी बर्फीही करून आणली आहे. ताजी आहे, उलटून पाहायला हरकत नाही!